धूसरच दिसणार, तर बांधायचं कशाला?

मागच्या अंकात एका वाचकाला उत्तर देता देता मी लास्लो रायक या हंगेरियन प्रॉडक्शन डिझायनरचं, म्हणजे सिनेमातल्या जागा रचणाऱ्या माणसाचं, नाव घेतलं होतं. ‘आमच्या धंद्यातला माणूस कसा असावा, तर असा’, एवढंच एक वाक्य. त्यावर इतकी पत्रं येतील असं वाटलं नव्हतं. संपादकांनी गठ्ठा टेबलावर ठेवला आणि म्हणाले, ‘बाई, आता तुम्हीच निस्तरा.’ तेव्हा ‘मालिकेतला अमुक वाडा खरा आहे का’ हा नेहमीचा प्रश्न या वेळी बाजूला. (वाडा खोटा आहे. तुळशीवृंदावनही फायबरचं आहे.)

सांगलीहून एक विद्यार्थी विचारतो : आमच्या कॉलेजच्या फिल्म क्लबमध्ये ‘सन ऑफ सॉल’ दाखवला. अख्खा सिनेमा कॅमेरा नायकाच्या मानगुटीवर बसलेला आणि मागचं सगळं धूसर. मग रायक यांनी केलं काय? जे दिसणारच नाही ते बांधायचं कशाला? रंगवलेला पडदा लावून भागलं नसतं का?

प्रश्न खवचट आहे, म्हणूनच आवडला. तू सिनेमा पाहिला आहेस, पण बाकीच्यांसाठी दोन ओळी सांगते. हा लास्लो नेमेश यांचा २०१५ सालचा सिनेमा. कान चित्रपट महोत्सवात ग्रां प्री मिळालं, पुढच्या वर्षी परभाषिक चित्रपटाचं ऑस्कर. काळ ऑक्टोबर १९४४, जागा आउश्वित्झ-बिर्केनाऊ, नाझींची मृत्युछावणी. सॉल हा ‘झोंडरकमांडो’तला कैदी. गॅस चेंबरमधली प्रेतं ओढून भट्टीपर्यंत न्यायची, फरशी धुवायची आणि पुढची गाडी यायच्या आत सगळं आवरायचं, हे त्याच्यावर लादलेलं काम. छायालेखक मात्याश एर्देय यांनी जवळपास सगळा सिनेमा ४० मिलिमीटरच्या लेन्सनं ३५ मिलिमीटर फिल्मवर घेतला. चौकट जवळजवळ चौकोनी. त्यात सॉलचा चेहरा किंवा मान मावली की कडेला उरते जेमतेम वीतभर जागा. त्या जागेत काहीतरी फिकट, जड, ओढत नेलं जातं. काय ते सांगावं लागत नाही.

आता माझी एक फजिती ऐक. नव्वदच्या दशकाच्या शेवटी मी एका मालिकेचा सेट केला होता. प्लायची भिंत, मागे लाकडी फ्रेम, वरून वॉलपेपर. कॅमेऱ्याला मागे सरकायला जागा हवी म्हणून दाराची भिंत काढता-घालता येणारी केली होती. पहिल्याच दिवशी नायिकेनं रागानं दार आपटलं आणि सगळी भिंत थरथरली. आजोबांची तसबीर घड्याळाच्या लंबकासारखी डोलायला लागली. दिग्दर्शक म्हणाले, चालेल, मागचं आउट आहे, फोकस तिच्या तोंडावर आहे. खरंच चाललं, एकाही प्रेक्षकाला कळलं नाही. कळलं ते फक्त तिला. पुढचे सहा महिने ती बाई ते दार असं लावायची, जणू आत तान्हं बाळ झोपलंय. कागदावर भूमिका होती संतापी सुनेची. लेखक तिला ओरडायला लावत होता आणि तिचा हात मात्र भिंतीला सांभाळत होता. भिंत कॅमेऱ्याला दिसली नव्हती, पण तिच्या मनगटाला कळली होती.

म्हणून विचारतोस तर, रायक यांनी दिसायला बांधलं नाही, चालायला बांधलं. बुडापेस्टच्या हद्दीवरच्या एका जुन्या गोदामात त्यांनी कपडे उतरवण्याची खोली, गॅस चेंबर, भट्ट्यांची खोली असं सगळं एकमेकांना जोडून उभं केलं. बिर्केनाऊच्या मोठ्या दाहगृहांत पहिल्या दोन जागा जमिनीखाली होत्या आणि प्रेतं लिफ्टनं वर भट्ट्यांपर्यंत जात. म्हणजे ती इमारत नव्हतीच, तो एक कारखाना होता. एका टोकाला माणूस आत जातो, दुसऱ्या टोकाला राख. हा क्रम कळल्याशिवाय तो सिनेमा कळत नाही आणि क्रम कळतो तो पायांनी. कॅमेरा न थांबता माणसाच्या मागोमाग दारातून जातो तेव्हा दाराच्या दोन्ही बाजू अस्तित्वात लागतात. छत लागतं. कोपरा वळल्यावर पुढचा कोपरा लागतो. नटाला ‘इथे वळ, मग आपण कट करू’ असं सांगून भागत नाही.

राहिला रंगवलेला पडदा. धूसर म्हणजे कोरं नव्हे, बाळा. एसटीच्या खिडकीत बसून बघ. जवळचे विजेचे खांब सटासट मागे पळतात, ऊस जरा सावकाश सरकतो आणि लांबचा डोंगर जागचा हलत नाही. चष्मा काढून बसलास तरी हा फरक तुला कळेल. कॅमेरा हलला की खऱ्या खोलीतल्या धूसर वस्तू अशाच कमी-जास्त वेगानं सरकतात. पडद्यावरचं चित्र एकसाथ सरकतं, आणि डोळ्याला नाव सांगता आलं नाही तरी खोट कळते. शिवाय धूसर झालेल्या वस्तूचा रंग राहतो, उंची राहते, वजनही राहतं. ओली फरशी फोकसबाहेर गेली तरी ओलीच दिसते.

आणखी एक गोष्ट, जी मला सगळ्यांत मोठी वाटते. रायक यांनी याआधी आउश्वित्झच्या स्मारकातल्या हंगेरियन कायमस्वरूपी प्रदर्शनाची रचना केली होती, ते २००४ मध्ये उघडलं. म्हणजे ती जागा त्यांना पुस्तकातून नव्हे, मापानिशी ठाऊक होती. अशा माणसाला ‘बघा, मी किती हुबेहूब केलंय’ असं दाखवायची किती खाज सुटली असती! त्यांनी सगळं बांधलं आणि मग दिग्दर्शकाला ते झाकू दिलं. मी एकदा एका सिनेमासाठी चोरबाजारात चौदा दिवस हिंडून एक झुंबर आणलं होतं. कॅमेरामननं फ्रेम खाली घेतली आणि झुंबर कापलं गेलं. मी त्याच्याशी दोन दिवस बोलले नाही. त्यावरून काय ते समज.

ठाण्याहून एक निवृत्त बँक कर्मचारी लिहितात : तुम्ही रायक यांना प्रॉडक्शन डिझायनर म्हणता, पण मी वाचलं की ते आर्किटेक्ट होते, खासदारही होते. आणि त्याच नावाच्या मंत्र्याला फाशी झाली होती, ते हेच का? हा माणूस नक्की होता कोण?

ते नव्हेत, त्यांचे वडील. नाव एकच असल्यानं घोटाळा होतो. (हंगेरीत आडनाव आधी लावतात, म्हणून तिकडच्या श्रेयनामावलीत ‘रायक लास्लो’ असं येतं. आपल्या शाळेच्या हजेरीपटासारखं.)

थोरले लास्लो रायक कम्युनिस्ट राजवटीत आधी गृहमंत्री, मग परराष्ट्रमंत्री होते. १९४९ च्या मे महिन्यात त्यांच्याच पक्षानं त्यांना अटक केली, खोटा खटला चालवला आणि १५ ऑक्टोबरला फासावर दिलं. त्यांनी स्वतः गृहमंत्री असताना उभारलेली यंत्रणाच त्यांच्यावर उलटली, हेही खरं. मुलाचा जन्म त्याच वर्षी २६ जानेवारीचा. आई युलिया तुरुंगात आणि बाळ नाव बदलून सरकारी बालगृहात. आई सुटली १९५४ मध्ये.

पुढे राजवटीला उपरती झाली. ६ ऑक्टोबर १९५६ रोजी वडिलांना सन्मानानं पुन्हा दफन केलं गेलं. लोकांची प्रचंड गर्दी, आणि पुढे आईशेजारी सात वर्षांचा मुलगा. बरोबर सतरा दिवसांनी, २३ ऑक्टोबरला, हंगेरीत उठाव झाला. रशियन रणगाड्यांनी तो चिरडल्यावर पंतप्रधान इम्रे नॉज यांच्याबरोबर ही मायलेकरंही युगोस्लाव्हियाच्या वकिलातीत आश्रयाला गेली आणि तिथून सगळ्यांना रुमानियात नेऊन ठेवलं. परत आली ती १९५८ मध्ये. नॉज यांना त्याच वर्षी १६ जूनला फाशी झाली.

अशा घरातला मुलगा निमूट नोकरी करील ही अपेक्षाच चूक. बुडापेस्टच्या तंत्र विद्यापीठातून तो १९७२ मध्ये आर्किटेक्ट झाला आणि लवकरच सरकारविरोधी गोटात सामील झाला. १९८१ पासून आपल्या फ्लॅटमध्ये दर मंगळवारी संध्याकाळी त्यानं बंदी असलेल्या, चोरून छापलेल्या पुस्तकांचं दुकान मांडलं. पत्ता गॉलाम्ब रस्ता, म्हणजे शब्दशः कबुतर गल्ली. पोलिसांना सगळं ठाऊक होतं, गिऱ्हाइकांना पोलिसांचं ठाऊक होतं, तरी मंगळवार चुकत नव्हता. त्याची शिक्षा म्हणजे स्वतःच्या नावानं काम करायला मज्जाव. आर्किटेक्टचं काम सहीवर चालतं हो. नकाशावर सही नाही तर इमारत नाही. सहीच काढून घेतलेल्या माणसाला सिनेमा जवळचा का वाटावा, हे मला आपलं समजतं. आमच्याकडे इमारत महिनाभरच उभी राहायची असते आणि तिला महापालिकेचा परवाना लागत नाही.

आता ज्याला मी त्यांचं सर्वांत मोठं नेपथ्य मानते ते सांगते, आणि ते सिनेमातलं नाही. १६ जून १९८९. इम्रे नॉज यांच्या फाशीला एकतीस वर्षं झाली त्या दिवशी त्यांचं पुनर्दफन झालं. बुडापेस्टच्या वीरांच्या चौकात एक जुनी कलादालनाची इमारत आहे, ग्रीक देवळासारखे खांब असलेली. रायक आणि गाबोर बॉख्मन या दोघांनी त्या इमारतीचा दर्शनी भाग पांढऱ्या कापडानं झाकला, खांब काळ्या कापडात गुंडाळले आणि पुढे गंजक्या लोखंडाची रचना उभी केली. सोन्याचा मुलामा नाही, फुलांच्या कमानी नाहीत. गंज! सरकारी सोहळ्यात कुणी गंज वापरतं? शवपेट्या सहा होत्या. पाच नॉज आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या. सहावी रिकामी, उठावात मेलेल्या अनाम माणसांसाठी.

सात वर्षांचा असताना जो मुलगा वडिलांच्या दुसऱ्या अंत्ययात्रेत उभा होता, त्यानंच चाळिसाव्या वर्षी देशाची दुसरी अंत्ययात्रा रचली. यावर मी आणखी काही लिहीत नाही.

१९९० ते १९९६ ते खासदार होते. तो भाग मला फारसा माहितीचा नाही आणि खरं सांगायचं तर रसाचाही नाही. मला त्यांची मंडई आवडते. २००२ मध्ये बुडापेस्टच्या लेहेल चौकात, जिथे आधी उघड्यावर बाजार भरायचा तिथे, त्यांनी बांधलेली मंडई उघडली. पिवळा, निळा, लाल, जे हाताला लागेल ते, आणि कोन असे बाहेर आलेले की वाटावं इमारत अजून लावायची राहिली आहे. शहरातल्या शिष्ट लोकांनी भरपूर नावं ठेवली. काही वर्षांपूर्वी एका जाहिरातीच्या कामासाठी मी आठ दिवस बुडापेस्टला होते तेव्हा मुद्दाम गेले. बाहेरून बघून मीही नाक मुरडलं होतं. आत गेल्यावर लोणच्यांचे पिंप, लाल मिरच्यांच्या माळा, पिशव्या घेऊन घासाघीस करणाऱ्या आज्या! आमच्या ड्रायव्हरला मध्ये घालून लोणचंवालीला विचारलं, इमारत आवडते का? तिनं माझ्याकडे असं पाहिलं जणू मी तिच्या सासूबद्दल विचारलंय. म्हणाली, ‘छप्पर गळत नाही.’ आणि काकडी तोलायला लागली.

सिनेमात हंगेरियन दिग्दर्शक बेला तार यांच्याबरोबरचं त्यांचं काम मोलाचं. २००७ चा ‘द मॅन फ्रॉम लंडन’, त्यासाठी कॉर्सिका बेटावरचं बास्तिया बंदर निवडलं. आणि २०११ चा ‘द ट्युरिन हॉर्स’. या दुसऱ्या सिनेमात आहे काय? एक ओसाड दरी, दगडी घर, तबेला, विहीर, टेकाडावर एकटं झाड. बाप, मुलगी आणि घोडा. १४६ मिनिटांत फक्त तीस शॉट. बाहेर वारा, आत उकडलेला बटाटा, तोही हातानं सोलून खायचा. घर सिनेमासाठी बांधलेलं आहे, पण सेट म्हणायला जीभ रेटत नाही. कॅमेरा पाच-पाच मिनिटं त्याच भिंतीपुढे घोटाळतो, तेव्हा भिंतीनं तेवढा वेळ बघवून घेतलं पाहिजे.

त्यातून सिनेमा कृष्णधवल. कृष्णधवलमध्ये लाल आणि हिरवा एकाच करड्या रंगात बुडतात, म्हणून रंगावर भरवसा ठेवता येत नाही. ठेवायचा तो पोतावर. चुन्याची भिंत, शेणानं सारवलेली भिंत आणि नुसता दगड, हे तिन्ही प्रकाश वेगवेगळा पितात. आमच्याकडचे जुने पेंटर अजून म्हणतात, ‘कलर नाही, हात बघा.’ ‘ट्युरिन हॉर्स’मध्ये तो हात दिसतो.

रायक २०१९ च्या सप्टेंबरमध्ये गेले. शेवटच्या मोठ्या कामांपैकी एक नेमेश यांचाच ‘सनसेट’, १९१३ मधलं बुडापेस्ट आणि त्यातलं टोप्यांचं उंची दुकान. लोणच्याच्या मंडईनंतर टोप्यांचं दुकान, हे मला फार गमतीचं वाटतं.

नाशिकहून एक आई लिहितात : मुलगी यंदा बारावीला आहे. तुमचं सदर वाचून तिनं प्रॉडक्शन डिझायनर व्हायचं ठरवलं आहे. आर्किटेक्चरला घालू की चित्रकलेला? युरोपात, हंगेरीत वगैरे, संधी असते असं ती म्हणते. पोट भरतं का?

ताई, माझं सदर वाचून ठरवलं असेल तर आधी तिला दोन दिवस एखाद्या सेटवर पाठवा. तेही सेट तोडायच्या दिवशी. महिनाभर सुतारांनी ठोकलेलं तासाभरात भंगारात जातं. ते पाहून डोळ्यांत पाणी आलं तरी चालेल, पण जेवण गेलं तर नको या वाटेला.

आता खरं उत्तर. आर्किटेक्चर की चित्रकला यावर आमच्यात कायम भांडणं आहेत. रायक आर्किटेक्ट, मीही आर्किटेक्ट, तेव्हा माझं मत पक्षपाती समजा : आर्किटेक्चर. रंगाची जाण नंतर येते, पण जिन्याची पायरी किती इंची असली की साडी नेसलेली बाई न बघता उतरते, हे अंगात मुरायला वेळ लागतो. दोन्हीपैकी कुठलीही पदवी घेतली तरी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा कलादिग्दर्शनाचा तीन वर्षांचा पदव्युत्तर अभ्यासक्रम पुढे खुला राहतो. म्हणजे घाई नाही. बारावीनंतर लगेच ‘सेट डिझाइन डिप्लोमा’ म्हणून लाखो रुपये मागणारे भेटतील, त्यांना चहा पाजून वाटेला लावा.

हंगेरीचं म्हणाल तर तिथं काम भरपूर आहे, हे ती बरोबर सांगते. २००४ मध्ये त्यांनी तिथं होणाऱ्या चित्रीकरणाच्या खर्चातला २० टक्के परत द्यायला सुरुवात केली, आता तो आकडा ३० टक्के आहे. त्यामुळे हॉलिवूडवाले तिकडे लोटले. एट्येक गावाजवळचा कोर्डा स्टुडिओ, बुडापेस्टमधला ओरिगो स्टुडिओ. ‘द मार्शियन’मधल्या मंगळाचा सेट एट्येकला उभा राहिला आणि ‘ब्लेड रनर २०४९’ही हंगेरीतलाच. तिथल्या सुतारांना, प्लास्टर करणाऱ्यांना, रंगाऱ्यांना बारमाही काम मिळालं, पिढी तयार झाली. पण नीट बघा हं. बहुतेक वेळा प्रॉडक्शन डिझायनर बाहेरून येतो आणि खालची फळी हंगेरियन असते. त्यांच्या झुझाना शिपोश यांना ‘ड्यून’साठी २०२२ मध्ये आणि झुझा मिहालेक यांना ‘पुअर थिंग्ज’साठी २०२४ मध्ये ऑस्कर मिळालं, दोघीही सेट डेकोरेटर म्हणून. डेकोरेटर म्हणजे पडदे-कुशनं लावणारी नव्हे. भिंती उभ्या राहिल्यावर त्यांच्या आत जे जे असतं, दिव्यापासून दौतीपर्यंत, ते तिचं. सन्मान मोठाच आहे. तरी आपल्याच शहरात, आपल्याच स्टुडिओत, मुख्य नाव बहुधा पाहुण्याचं, ही टोचणी तिथल्या लोकांना असेल असं मला वाटतं. गोरेगावात बसून मला ती ओळखीची वाटते.

त्या भाषेचं मात्र तिला सांगा. बुडापेस्टला आमच्या सुतारांच्या मुकादमाला मी ‘थोडं डावीकडे’ सांगायला आठ दिवसांत शिकले नाही. शेवटी हातवारे.

पोट भरतं. उशिरा भरतं. पहिली तीन वर्षं माझं नाव एकाही श्रेयनामावलीत नव्हतं आणि एका निर्मात्यानं माझे अर्धे पैसे आजतागायत दिलेले नाहीत. नाव लिहीत नाही, सदर बंद पडेल. मुलीला एक सवय मात्र आत्तापासून लावा. मेजपट्टी पिशवीत. पाहुण्यांकडे गेलं की खिडकीची उंची मापायची. लोक हसतात, हसू देत.

कुडाळहून हौशी नाट्यसंस्थेचे एक काका विचारतात : आमचा रंगमंच जेमतेम पंधरा फूट खोल. नाटकात कचेरीचं मोठं दालन दाखवायचं आहे. तुमच्या हंगेरियनाकडे काही युक्ती?

काका, या हंगेरियनाकडे नाही, त्याच्या आधीच्या एकाकडे आहे. शांडोर ट्राउनर, जन्म बुडापेस्टचा, १९०६. शिकले चित्रकला, पण ज्यूंना तिथे दिवस वाईट म्हणून १९२९ मध्ये पॅरिसला गेले आणि अलेक्सांद्र ट्राउनर झाले. जर्मनांनी फ्रान्स घेतला तेव्हा लपून राहून त्यांनी ‘चिल्ड्रन ऑफ पॅरडाइज’चं नेपथ्य केलं, तेव्हा समोर नाव होतं दुसऱ्याचं. बघा, तिथेही सहीचीच गोष्ट.

तुमच्या कामाची युक्ती ‘द अपार्टमेंट’ची, ज्यासाठी १९६१ मध्ये त्यांना ऑस्कर मिळालं. विमा कंपनीचं अफाट दालन, शेकडो टेबलं. प्रत्यक्षात पुढे नेहमीची टेबलं, मागे जरा लहान, त्यामागे आणखी लहान, आणि त्यांच्यावर बसवायला आधी ठेंगणी माणसं, मग चक्क मुलं. छत आणि जमीन मागे जाताना एकमेकांकडे झुकवलेली. बघणाऱ्याला दालन संपतच नाही.

तुम्ही तीन रांगा करा. पुढची टेबलं अडीच फुटी, मधली दोन, शेवटची दीड. मागच्या रांगेत शाळेतली पोरं बसवा, टोपी-चष्मा घालून. मागचं दारही छोटं. फक्त एक पथ्य पाळा : तुमचा नायक त्या मागच्या दाराकडे गेला की संपलं, दाराच्या चौकटीपेक्षा उंच राक्षस दिसेल. त्याला पुढच्या आठ फुटांत बांधून ठेवा. आणि खर्च झेपला नाही तर सोडून द्या हो. तुमच्याकडे दशावतारात एका बाकड्यावर अख्खी इंद्रसभा बसते, आणि आजवर कुणी विचारलं नाही की स्वर्ग कुठे आहे.

दादरहून एक भगिनी : ‘हम दिल दे चुके सनम’मधलं इटली म्हणजे बुडापेस्ट होतं, असं माझा मुलगा म्हणतो. आम्ही पंचवीस वर्षं इटली समजून बघतोय. खरं काय?

मुलगा बरोबर. १९९९ चा सिनेमा, कलादिग्दर्शक आपले नितीन चंद्रकांत देसाई, या कामासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. कथेत इटली आहे, कॅमेऱ्यापुढे बुडापेस्ट. शेवटी दिसणारा तो दिव्यांचा पूल डॅन्यूब नदीवरचा, साखळ्यांवर तोललेला, १८४९ मध्ये खुला झालेला. तुम्ही फसलात यात तुमचा दोष नाही. बुडापेस्ट हे शहर गेली कित्येक वर्षं दुसऱ्या शहरांचे कपडे घालून कॅमेऱ्यापुढे उभं राहतंय. कधी पॅरिस, कधी मॉस्को, तसं तुमच्यासाठी इटली.

त्या पुलाच्या दोन्ही टोकांना दगडी सिंह आहेत, १८५२ पासून. त्यांची एक कहाणी तिथे कुणीही सांगतं : अनावरणाच्या वेळी एका पोरानं ओरडून सांगितलं की सिंहांना जीभच नाही, आणि ते ऐकून शिल्पकारानं डॅन्यूबमध्ये उडी घेतली. उडीबिडी काही खरी नाही. जिभा आहेत, कोरलेल्या आहेत, फक्त सिंह उंच चौथऱ्यावर असल्यानं रस्त्यावरून दिसत नाहीत.

मी पुलाच्या टोकाशी मान वर करून चांगली दहा मिनिटं उभी होते. मला काही दिसली नाही.